पाणी आलंय म्हणून

सोलापुरात सक्युलंट जगवणं सोपं असणार, असं बाहेरगावच्यांना हमखास वाटतं. ऊन रग्गड, पाऊस वर्षाकाठी साधारण ५५० मिलिमीटर, आणि तोही रंगात येतो तो सप्टेंबरात. कमी पाण्यावर जगणाऱ्या झाडाला याहून चांगलं गाव कुठलं? पुण्याची मावसबहीण फोनवर म्हणालीसुद्धा, "तुमच्याकडे काय, आपोआप वाढत असेल." तिला म्हटलं, एकदा ये आणि आमच्या बिल्डिंगच्या जिन्याखाली रचून ठेवलेल्या रिकाम्या कुंड्या बघ. त्यातली उन्हानं गेलेली झाडं थोडी. बाकीची कुजून गेलीत, पाणी जास्त झालं म्हणून.

नळाला चार-पाच दिवसांआड पाणी येणाऱ्या गावात झाडं पाण्यानं मरतात, याचं आम्हाला आता नवल वाटत नाही. उजनीचं पाणी ज्या दिवशी येतं तो दिवस वेगळाच असतो. नळ कधी सुरू होईल याचा नेम नाही, त्यामुळे एक कान तिकडेच. नळ आला की पहिलं काम भरण्याचं नसतं, रिकामं करण्याचं असतं. ड्रममध्ये उरलेलं पाणी शिळं झालं, ते काढल्याशिवाय ताजं कुठे भरणार? पण ते मोरीत ओतून द्यायला हात धजत नाही. इतके दिवस पुरवून पुरवून वापरलेलं पाणी असं सोडून द्यायचं? मग ते कुंड्यांत जातं. तुळशीला, जास्वंदीला, कढीपत्त्याला आणि गॅलरीच्या कोपऱ्यात टांगलेल्या मोत्यांच्या वेलीलाही, तांब्याभर. जास्वंद ते पाणी दोन दिवसांत संपवते. मोत्यांची वेल संपवत नाही. तिच्या मुळांशी ते नुसतं बसून राहतं आणि तोवर पुन्हा पाण्याचा दिवस उजाडतो.

आमच्या मजल्यावर मी एक नियम केला आहे आणि तो घरातल्यांना सोडून कुणालाच पटलेला नाही: नळाला पाणी आलंय म्हणून या कुंडीला पाणी घालायचं नाही.

ही वेल म्हणजे नर्सरीवाले जिला स्ट्रिंग ऑफ पर्ल्स म्हणतात ती. बारीक देठ, त्यावर गोल हिरवे मणी, आणि असे पुष्कळ सर कुंडीच्या काठावरून खाली सुटलेले. शेजारच्या अक्का तिला 'वाटाणे' म्हणतात आणि दिसायला ती तशीच आहे. मूळची दक्षिण आफ्रिकेच्या ईस्टर्न केपमधल्या कोरड्या भागातली. १९६८ साली हर्मन याकॉब्सन या जर्मन वनस्पती-अभ्यासकानं तिचं शास्त्रीय नाव ठेवलं, सेनेसिओ रोलियानस. गॉर्डन रोली या इंग्रज सक्युलंटतज्ज्ञाच्या नावावरून. पुढे अभ्यासकांनी तिला क्युरिओ या प्रजातीत हलवलं. कूळ मात्र सूर्यफुलाचं. म्हणजे आपल्या रब्बीतल्या करडईची ती नात्यातली, हे कळल्यापासून मला ती जरा घरची वाटायला लागली.

तिचा एकेक मणी म्हणजे एकेक पान. पान गोल का, तर ठरावीक पाणी साठवायला सगळ्यांत कमी पृष्ठभाग गोलालाच लागतो, आणि पृष्ठभाग कमी तेवढी वाफ कमी. पण त्यात एक अडचण आहे. पृष्ठभाग कमी झाला की ऊन पडायलाही जागा कमी होते, मग अन्न कसं तयार करायचं? त्याची तोड तिनं काढली आहे. मणी उजेडात धरून बघा. एका बाजूनं उभी, गडद, अर्धपारदर्शक रेघ दिसते. वनस्पतिशास्त्रात तिला खिडकीच म्हणतात. त्या फटीतून उजेड आत शिरतो आणि मण्याच्या पोटातल्या हिरव्या पेशींपर्यंत पोचतो. मणी सुकायला लागला की ही रेघ आक्रसते. झाडाला पाणी हवं की नको हे सांगणारी याहून स्पष्ट खूण मला तरी सापडलेली नाही. मणी टणक, रेघ उघडी, तर पाण्याचं नाव काढायचं नाही. मणी बोटात किंचित दबला, रेघ मिटत आली, की पाणी द्यायचं, आणि मग हात आखडता घ्यायचा नाही. कुंडी अर्धा तास पाण्याच्या घमेल्यात ठेवायची, खालून भिजू द्यायची, काढून निथळू द्यायची. रोज चमचाभर पाणी घालणारे लोक झाडाला धड पाणीही देत नाहीत आणि धड कोरडंही राहू देत नाहीत.

माझी कुंडी मातीची, पसरट आणि उथळ, कारण या वेलीची मुळं खोल जातच नाहीत. तळाला भोक मोठं. आत काय भरलंय हे मात्र ज्याचं त्याला ठरवावं लागतं. आपल्याकडची काळी माती ज्वारीला सोनं आहे. मंगळवेढ्याची मालदांडी तिच्यावर, तिनं धरून ठेवलेल्या ओलीवर पिकते. पण जी माती महिनोन् महिने ओल धरते, ती या वेलीचा जीव घेते. नर्सरीतून रोप येतं ते बहुधा निव्वळ कोकोपीटमध्ये, म्हणजे नारळाच्या काथ्याच्या भुशात, आणि कोकोपीटची तऱ्हा दुसरीच: ओलं असलं की सोडत नाही, एकदा ठणठणीत वाळलं की वरून घातलेलं पाणी लगेच आत घेत नाही. कडेनं सगळं तळाच्या भोकातून निघून जातं आणि माणसाला वाटतं, भिजलं. म्हणून रोप आणलं की आधी त्याची मुळं अलगद मोकळी करायची. माझं मिश्रण अगदी गावठी आहे. चाळलेला मुरूम निम्मा, उरलेल्यात वीटकरीचा चुरा, थोडं गांडूळखत, मूठभर कोळसा. माती मोकळी ठेवणारे ते पांढरे हलके दाणे, महागडं पर्लाइट, लागत नाही. मुरमाड जमिनीला आपल्याकडे लोक नाक मुरडतात, पण या वेलीला विचारलंत तर ती मुरूमच मागेल.

ओल बघायला उदबत्तीची काडी. जळून गेलेल्या उदबत्तीचा उरलेला बांबू मातीत तळापर्यंत खुपसायचा, थोड्या वेळानं काढायचा. काडी कोरडी, स्वच्छ आली तर ठीक. कण चिकटून आले तर थांबायचं. देवघराशेजारीच मिळणारं यंत्र आहे.

हे सगळं मी सांगते तेव्हा ऐकणारे मान हलवतात आणि पाणी घालतात. त्यांना दोष देत नाही. ज्या गावाच्या मधोमध बाराव्या शतकात सिद्धरामेश्वरांनी लोकांना बरोबर घेऊन तळं खोदलं, तिथे पाणी देणं हे पुण्य आहे, हे कुणी शिकवावं लागत नाही. उन्हाळा लागला की चौकाचौकात पाणपोई बसते, कठड्याकठड्यावर पाखरांसाठी वाडगी ठेवली जातात. अशा ठिकाणी एक बाई ओळीनं सगळ्या कुंड्यांना पाणी घालते आणि एकच कुंडी कोरडी ठेवून पुढे जाते, हे बघणाऱ्याला कसं दिसत असेल? सवतीचं पोर असल्यागत.

अक्कांना तर ते बघवतच नाही. अक्कांचं आयुष्य पूर्व भागात, कारखान्यांच्या आवाजात गेलं. यजमान टॉवेलच्या मागावर होते, त्या स्वतः कांड्या भरायच्या. कोरड्या हवेचं भय त्यांच्या अंगात मुरलेलं आहे. "हवा कोरडी पडली की सूत तुटतंय बघ," त्या सांगतात, "उन्हाळ्यात दुपारी कारखान्यात फरशीवर पाणी मारायचो आम्ही. सूत तुटलं की माग थांबला, माग थांबला की मजुरी थांबली." त्यांच्या हिशेबात कोरडं म्हणजे तुटणं. माझ्या वेलीचे ते बारीक देठ त्यांना सुतासारखेच दिसतात, आणि मी घरात नसले की त्या आमच्या गॅलरीला लागून असलेल्या त्यांच्या गॅलरीतून हात लांब करून तांब्या रिकामा करतात. एकदा मी विचारलं, "अक्का, तुम्ही पाणी घातलंत का हो?" तर म्हणाल्या, "मी कशाला घालू गं? पाखरांचं सांडलं असंल."

दुसरीकडे आमचे मामा, म्हणजे सासरे. सांगोला तालुक्यात त्यांची डाळिंबाची बाग आहे. डोळे दाखवायला सोलापूरला आले होते, तेव्हा चहाचा कप हातात घेऊन गॅलरीत उभे राहिले आणि वेलीचा एक मणी अंगठा आणि तर्जनीत धरून हलकेच दाबून बघितला. कुणी सांगितलं नव्हतं. "अजून भरल्यालं हाय," म्हणाले. "घाई नको करू. तहान लागू दे की जरा."

डाळिंबवाल्याला हे कळणारच. बहार धरायचा तर आधी झाडाचं पाणी तोडावं लागतं. त्याला ताण देणं म्हणतात. ठिबक बंद. पानं पिवळी पडतात, गळतात, बाग बघवत नाही. हलक्या जमिनीत ताण लवकर बसतो, भारी जमिनीत जास्त दिवस लागतात. मग हलकी छाटणी, खत आणि बेतानं पाणी. त्यानंतर झाड फुटतं ते फुलांनीच. मृग, हस्त, आंबे, कुठला बहार धरायचा हे पाण्याच्या भरवशावर, बाजारावर आणि तेल्या रोगाच्या भीतीवर ठरतं, पण कुठलाही धरा, सुरुवात पाणी तोडण्यापासून. डाळिंबाचं राष्ट्रीय संशोधन केंद्र सोलापूरजवळ केगावला आहे, आणि मामा तिथल्या मेळाव्यांना जाऊन आलेले. पण ताण किती द्यायचा हे तिथे शिकलात का विचारलं, तर हसले. "त्ये झाडाकडं बघून कळतं. लै ताणलं तर फांदी वाळती. कमी ताणलं तर नुसता पाला."

म्हणजे कोरडं पडणं याचा अक्कांच्या लेखी एक अर्थ, मामांच्या लेखी दुसरा, आणि दोघंही आपापल्या जागी खरे. दोघांचंही पोट त्या कोरडेपणाच्या हिशेबावर चाललेलं. मी त्या दोघांच्या मध्ये कुंडी धरून उभी. माझा कल मामांकडे, हे उघड आहे. पण एका बाबतीत अक्कांचं ऐकावं लागतं, आणि ते म्हणजे मे महिना.

मे महिन्यात सोलापूरचा पारा दुपारी ४२-४३ पर्यंत जातो, हे सगळ्या बातम्यांत येतं. झाडाच्या दृष्टीनं बातमी खरी रात्रीची असते. अशा रसाळ झाडांपैकी पुष्कळ झाडं दिवसा पर्णरंध्रं मिटून घेतात आणि रात्री उघडतात. रात्रीच्या गारव्यात कार्बन डायऑक्साइड आत घेऊन ठेवतात आणि दिवसा उजेडात त्याचं अन्न करतात. पाणी वाचवण्याची ही रीत गार रात्रींच्या भरवशावर उभी आहे. आणि आमच्या रात्री गार होतच नाहीत. दिवसभर तापलेला स्लॅब, तापलेली पश्चिमेची भिंत, मध्यरात्रीपर्यंत उष्णता सोडत राहतात. वेल वाढायची थांबते. तिला भूक नाही, तहान नाही, अशा अवस्थेत लोक काय करतात? ऊन वाढलं म्हणून पाणी वाढवतात. गरम आणि ओली माती, वर थांबलेलं झाड. मुळं कुजायला आणखी काय हवं?

पण मामांचा ताणही इथे चालत नाही. डाळिंबाची मुळं जमिनीत कुठवर गेलेली असतात. हिची मुळं बोटभर मातीत, आणि ती माती उन्हाळ्यात भाजून निघते. तेव्हा संध्याकाळी, कुंडी हाताला गार लागल्यावर, थोडंसं पाणी द्यावं लागतं. कुंडी आकड्यावरून उतरवून फरशीवर ठेवायची, छताजवळ गरम हवा कोंडते म्हणून. सकाळचं कोवळं ऊन चालेल, नंतरचं नाही. कूलरच्या झोताच्या वाटेत तर मुळीच नको. कूलरची दमट हवा माणसाला बरी वाटते, वेलीला तिच्यात दिवसरात्र उभं करू नये.

पाण्याचंही बघावं लागतं. बोअरचं पाणी इतकं जड की कुंडीच्या काठावर पांढरे थर चढतात. ते खरवडून काढावे लागतात. पावसाचं पाणी धरून ठेवता आलं तर उत्तम, नाहीतर एसीच्या नळीतून ठिबकणारं. एसीचं पाणी झाडाला देऊ का, असं लोक घाबरत विचारतात. ते हवेतली वाफ गार होऊन झालेलं पाणी असतं, त्यात क्षार जवळजवळ नसतात.

टांगण्याविषयीही मला बोलायचं आहे, कारण सगळ्या फोटोंत ही वेल छताजवळ टांगलेली असते आणि फोटोत ती सुंदर दिसते. प्रत्यक्षात थोड्याच महिन्यांत तिच्या डोक्याला टक्कल पडतं. सर लांबलचक, आणि कुंडीच्या तोंडाशी नुसती माती. छताजवळच्या कुंडीत खिडकीचा उजेड लोंबणाऱ्या सरांवर पडतो, माथ्यावर पडत नाही. आणि ही वेल मुळात लोंबणारी नाहीच. तिच्या मुलखात ती जमिनीवर, झुडपांच्या आणि दगडांच्या सावलीत सरपटत जाते, जिथे देठ मातीला टेकेल तिथे मूळ धरते आणि दाट पसरते. तिला टांगलं आपण. म्हणून अधूनमधून दोन-चार सर उचलून कुंडीतल्याच मातीवर गोल गुंडाळून ठेवायचे आणि केसांच्या पिना वाकवून टोचून ठेवायचे. मूळ धरतात आणि माथा भरून येतो. याहून सोपी मशागत नाही.

तिच्या शेजारी मी बदामाच्या आकाराच्या पानांची वेलही टांगली आहे, सेरोपेजिया वुडी. तीही आफ्रिकेचीच, जॉन मेडली वुड यांच्या नावाची. पण तिच्या प्रजातीतली कंदीलपुष्पं आपल्या सह्याद्रीत आहेत, त्यातली काही जगात दुसरीकडे कुठेच नाहीत. हरिश्चंद्रगडावरचं सेरोपेजिया लॉई त्यातलंच. त्यांची फुलं छोट्या माश्यांना आत ओढतात, आतले उतरते केस त्यांना बाहेर येऊ देत नाहीत, आणि परागकण अंगाला लागल्यावर केस वाळून वाट मोकळी होते. नर्सरीत शेदीडशे देऊन आफ्रिकेची चुलतबहीण आणायची आणि घरची बहीण गडावर कुणाच्या तरी बुटाखाली जायची, हे मला खटकतं. पण गडावरून उपटून आणणं हा त्यावरचा उपाय नाही, हेही सांगून ठेवते.

माझ्या वेलीवर कीड एकच येते, पण चिवट. मण्यांच्या बेचक्यात पांढरा कापूस दिसला की समजायचं. मामांनी लांबूनच ओळखलं, "पिठ्या ढेकूण." डाळिंबावरही तोच. मुंग्या त्याला सांभाळतात, म्हणून कुंडीवर मुंग्यांची रांग दिसली तरी सावध व्हायचं. मामा औषधाचं नाव सांगायला निघाले होते. म्हटलं, राहू दे, घरात लहान मूल आहे. कापसाच्या काडीवर स्पिरिट घेऊन एकेक ढेकूण पुसून काढता येतो. वेळ जातो, पण अख्खी वेल काही एकराची नाही. आणि लहान मुलाचं निघालंच आहे तर, हे मणी वाटाण्यासारखे दिसत असले तरी पोटात जाऊ देऊ नयेत; विषारी असतात. मांजरांनाही लांब ठेवावं.

गेल्या थंडीत मी कुंडी गॅलरीत बाहेरच ठेवली. गड्ड्याची जत्रा आली, हवेत चांगला गारवा होता, रात्री पांघरायला आपली चादर लागत होती. वेलीचं पाणी मी जवळजवळ तोडलं होतं. मणी थोडे दबले, रेघा मिटत आल्या, तरी मी मन घट्ट केलं. थंडी सरताना एका देठावर बारीक काडी उभी राहिली आणि तिच्या टोकाला पांढरा झुबका फुलला, त्यातून लालसर तंतू डोकावणारे. दिसायला फार नाही. पण जवळ नाक नेलं तर चक्क दालचिनीचा वास.

त्याच आठवड्यात मामा पुन्हा आले होते. फूल बघून त्यांनी चष्मा वर केला, वाकून वास घेतला. "बघ," म्हणाले, "ताण बसला आन् बहार धरला. मी म्हणलं नव्हतं?"

पलीकडच्या गॅलरीत अक्का कपडे वाळत घालत होत्या. त्यांनी तिथूनच उत्तर दिलं. "कसला ताण ओ मामा? ही पोरगी पाणीच घालंना. मी रोज घालत होते म्हणून फुललंय ते."